ताटातले क्राकूव

पोलंडमधील क्राकूव शहरात आज 'पारंपरिक पोलिश खाद्यफेरी' हा एक चांगला चालणारा व्यवसाय आहे. वाटाड्या दहा-बारा पर्यटकांना घेऊन निघतो आणि तीन-चार तास जुन्या शहराच्या गल्ल्यांतून पायी हिंडवतो. कुठे रस्त्यावरची कडक पावाची कडी, कुठे आंबट सूप, कुठे उकडलेल्या करंज्यांसारखे पिएरोगी, कुठे सॉसेज आणि अखेरीस घोटभर वोदका, असा साधारण क्रम असतो. प्रत्येक थांब्यावर एक शब्द हमखास ऐकू येतो: 'पारंपरिक'.

हा शब्द फार सोयीचा आहे. तो उच्चारला की पुढचे प्रश्न थांबतात. या लेखात आपण त्याच वाटेने जाणार आहोत, पण प्रत्येक ताटाला दोन प्रश्न विचारणार आहोत: हा पदार्थ इथे केव्हा आला, आणि कोणाबरोबर आला? वडापावातला बटाटाही बाहेरचा आणि पावही बाहेरचा, हे ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला या प्रश्नांचे नवल वाटू नये. क्राकूवमध्ये मात्र त्यांची उत्तरे स्वयंपाकघरात संपत नाहीत. ती राजाज्ञेपर्यंत, खाणीपर्यंत आणि एका ठिकाणी थेट मृत्यूच्या छावणीपर्यंत जाऊन पोहोचतात.

चौकातले कडे

फेरी बहुधा रिनेक या मुख्य चौकातून सुरू होते. १२५७ मध्ये क्राकूवला नव्याने नगराची सनद मिळाली, तेव्हा हा चौक आखला गेला. प्रत्येक बाजू सुमारे दोनशे मीटर, आणि मधोमध कापडबाजाराची लांबलचक इमारत. चौकात आणि आसपास हातगाड्यांवर 'ओब्वाझानेक' विकतात. पिठाच्या दोन वळ्या एकमेकींत पिळून त्यांचे कडे करायचे, ते आधी उकळत्या पाण्यातून काढायचे आणि मग भाजायचे. वर मीठ, खसखस किंवा तीळ. नावाचा अर्थच 'उकळून काढलेले'.

या कड्याचा उल्लेख १३९४ च्या दरबारी हिशेबात सापडतो. राणी यादविगासाठी केलेल्या खर्चाची ती नोंद आहे. पुढे १४९६ मध्ये राजा यान ओल्ब्राख्त याने पांढरा पाव आणि ही कडी भाजण्याचा मक्ता क्राकूवच्या भटारी मंडळींच्या संघाला दिला. शहराबाहेरच्या कोणी ती आत आणून विकू नयेत, हा हेतू. २०१० मध्ये युरोपीय संघाने या कड्याला भौगोलिक मानांकन दिले. म्हणजे पाचशे वर्षांपूर्वीच्या मक्त्याचीच ही नवी आवृत्ती म्हणायची. 'परंपरा' टिकली ती चवीमुळे, तशीच ती कोणाला विकता येईल आणि कोणाला नाही, या कायद्यामुळेही.

याच राजाने एक वर्ष आधी, १४९५ मध्ये, क्राकूवमधल्या ज्यूंना शहराबाहेर काढून शेजारच्या काझिमिएश या नगरात पाठवले होते. कड्याच्या गोष्टीत हे सहसा सांगितले जात नाही. त्याकडे आपण पुढे येऊच.

मीठ आणि आंबट

क्राकूवच्या दक्षिणेला काही मैलांवर व्येलिच्का ही मिठाची खाण आहे. तेराव्या शतकात सुरू झालेली ही खाण विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत मीठ देत होती. चौदाव्या शतकात, काझिमिएश महान या राजाच्या काळात, राजकोषाच्या उत्पन्नाचा सुमारे एक तृतीयांश वाटा मिठातून येई. क्राकूवचे विद्यापीठ, तट आणि चर्च यांच्या पायात हे मीठ आहे.

ताटातही ते आहे. जिथे हिवाळ्यात जमीन गोठलेली असते, तिथे भाजी टिकवायची तर ती खारवून आंबवावी लागते. किसलेली कोबी मिठात दाबून आंबवणे, काकड्या शेपूसह खाऱ्या पाण्यात मुरवणे, हे तिथले बेगमीचे काम. त्याच जातीचे आहे 'झुरेक' हे सूप. राईचे पीठ पाण्यात कालवून काही दिवस आंबवायचे आणि त्या आंबट पाण्याचे सूप करायचे. आपल्याकडच्या आंबिलीचे हे दूरचे भावंडच.

आज फेरीत झुरेक येते ते पांढरे सॉसेज आणि उकडलेले अंडे घालून. मुळात मात्र ते उपवासाचे अन्न. ईस्टरपूर्वीच्या चाळीस दिवसांत मांस वर्ज्य असे, आणि गरिबाच्या घरी दिवसामागून दिवस तेच आंबट सूप आणि खारवलेला हेरिंग मासा असे. लोक इतके कंटाळत, की उपवास संपताना झुराचे मडके वाजतगाजत नेऊन फोडण्याची किंवा पुरण्याची चाल अनेक गावांत होती. ज्या पदार्थाची अंत्ययात्रा काढली जाई, तोच आज मोठ्या कौतुकाने वाढला जातो.

वरच्या पंक्तीतले ताट

वाटाड्या चौकातच १३६४ च्या एका मेजवानीची गोष्ट सांगतो. काझिमिएश महानाने बोलावलेल्या बैठकीला सम्राट चौथा चार्ल्स, हंगेरीचा राजा आणि सायप्रसचा राजा आले होते, आणि व्येझिनेक नावाच्या धनाढ्य नागरिकाने त्यांना जेवण घातले. गोष्ट रंगतदार आहे. फक्त तिचे सविस्तर वर्णन करणारा इतिहासकार यान द्वुगोश त्या घटनेनंतर शंभरेक वर्षांनी लिहीत होता, आणि त्याच नावाचे चौकातले प्रसिद्ध उपाहारगृह १९४५ मध्ये सुरू झाले, एवढे ध्यानात ठेवावे.

दुसरी गोष्ट राणी बोनाची. मिलानच्या स्फोर्झा घराण्यातली ही राजकन्या १५१८ मध्ये विवाह होऊन क्राकूवला आली. गाजर, पार्सली, सेलरी, लीक या सुपाच्या जुडीला पोलिश भाषेत 'व्वोश्चिझ्ना', म्हणजे 'इटालियन जिन्नस', म्हणतात. त्याचे श्रेय लोककथेने बोनाला दिले. पण दरबाराचे जुने हिशेब दाखवतात, की यातल्या काही भाज्या तिच्या कितीतरी आधीपासून पोलंडात होत्या. बोनाने आणली ती मुख्यतः त्यांची प्रतिष्ठा.

खरा पुरावा हवा तर एका पुस्तकाकडे वळावे लागते. लुबोमिर्स्की या बड्या सरदार घराण्याचा मुदपाकी स्तानिस्वाव चेर्निएत्स्की याने लिहिलेला पाकग्रंथ १६८२ मध्ये क्राकूवमध्ये छापला गेला. पोलिश भाषेत छापलेला हा सर्वांत जुना उपलब्ध पाकग्रंथ. त्यात तीनशेहून अधिक कृती आहेत, आणि आजच्या 'सौम्य' पोलिश जेवणाची कल्पना घेऊन तो उघडला तर धक्का बसतो. मिरी, आले, दालचिनी, जायफळ, केशर यांची उधळण. त्यावर साखर, मनुका आणि व्हिनेगर. आंबट, गोड आणि तिखट एकाच भांड्यात. मिरीचे मूळ घर मलबार. ती क्राकूवच्या श्रीमंत ताटात पडत होती, ती चवीसाठी, आणि तितकीच ऐपत दाखवण्यासाठी.

'बिगोस' या राष्ट्रीय म्हणवल्या जाणाऱ्या पदार्थाची कथा इथेच उलगडते. चेर्निएत्स्कीच्या काळचा बिगोस म्हणजे बारीक तोडलेले मांस किंवा मासा, आंबट आणि मसालेदार. त्यात कोबी नव्हती. अठराव्या शतकात मांस पुरवठ्याला यावे आणि लिंबा-व्हिनेगरचा खर्च वाचावा म्हणून आंबवलेली कोबी घातली जाऊ लागली. या स्वस्त प्रकाराला 'लफंग्यांचा बिगोस' असे नाव पडले. हळूहळू मांस कमी आणि कोबी जास्त झाली, नावातला लफंगा गळून पडला आणि पदार्थ देशाचा झाला. कोंड्याचा मांडा करण्याची ही रीत आपल्याला नवी नाही.

काझिमिएशचे गोल मंडईघर

आता फेरी काझिमिएशमध्ये शिरते. प्लात्स नोवी या चौकात मध्यभागी १९०० मध्ये बांधलेले एक गोल मंडईघर आहे. त्याच्या खिडक्यांतून 'झापिएकांका' विकतात. अर्धा लांबट पाव, वर अळंबी आणि चीज, भट्टीत भाजून, सॉस ओतून. हा पदार्थ १९७० च्या दशकातला. संध्याकाळी इथे तरुणांची रांग लागते.

त्याच इमारतीत १९२७ पासून ज्यू समाजाचे कोंबड्या कापण्याचे घर होते. ज्यू धर्मनियमांप्रमाणे, नेमलेल्या माणसाच्या हातून. दुसऱ्या महायुद्धाआधी क्राकूवमध्ये साठ हजारांहून अधिक ज्यू राहत होते. शहरातला जवळजवळ दर चौथा माणूस. मार्च १९४१ मध्ये जर्मनांनी शहरात उरलेल्या ज्यूंना विस्तुला नदीपलीकडे पोदगुझे भागात भिंतीआड कोंडले. तिथून गाड्या बेव्झेत्सच्या मृत्युछावणीकडे गेल्या, आणि मार्च १९४३ मध्ये ती वस्ती संपवण्यात आली. काझिमिएशची घरे उभी राहिली. माणसे परतली नाहीत.

खाणे मात्र मागे राहिले. उकळून भाजलेले दुसरे कडे, म्हणजे बेगल, याचा उल्लेख क्राकूवच्या ज्यू समाजाच्या १६१० च्या नियमांत आहे. ते स्थलांतरितांबरोबर न्यूयॉर्कला गेले आणि तिथून जगभर पसरले. पोलिश घरांत नाताळच्या आदल्या रात्री मनुका-बदाम घातलेला, थंड रश्श्यात गोठवलेला गोडसर कार्प मासा खातात. त्याचे नावच 'ज्यू पद्धतीचा कार्प'. पदार्थाच्या नावात ज्यू आहेत, शेजारच्या घरात नाहीत. शेरोका रस्त्यावर आज 'ज्यू पद्धतीची' उपाहारगृहे आहेत. त्यांतली बरीचशी १९९० नंतर, 'शिंडलर्स लिस्ट' हा चित्रपट येथे चित्रित झाल्यावर पर्यटक येऊ लागले तेव्हाची. ती असू नयेत असे नाही. पण 'पारंपरिक' हा शब्द इथे एक खंड झाकतो. परंपरा म्हणजे एका हातून दुसऱ्या हाती जाणारी गोष्ट. इथे देणारा हात तोडला गेला होता.

दूध-बार आणि मांसाची रांग

पुढचा थांबा बहुधा 'बार म्लेच्नी', म्हणजे दूध-बार. नावात बार असला तरी इथे दारू नसते. दूध, पीठ, अंडी, बटाटे यांचे स्वस्त पदार्थ मिळतात. पहिला दूध-बार १८९६ मध्ये वॉर्सात निघाला. मात्र त्यांचे पीक आले ते साम्यवादी राजवटीत. १९४९ पासून क्राकूवशेजारी नोवा हुता हे पोलाद कारखान्याचे नगर उभे राहू लागले. खेड्यांतून आलेल्या हजारो कामगारांना रोजचे जेवण हवे होते, आणि सरकारी अनुदानावरचे हे बार ते देत.

जेवणात मांस कमी का, याचे उत्तर पोलंडच्या राजकारणात आहे. डिसेंबर १९७० मध्ये सरकारने अन्नाचे भाव वाढवले. बाल्टिक किनाऱ्यावरच्या कामगारांवर गोळीबार झाला, चाळीसहून अधिक माणसे मेली आणि पक्षनेते गोमुल्का यांना जावे लागले. जून १९७६ मध्ये पुन्हा भाववाढ आणि पुन्हा उठाव. त्या वर्षी साखर शिधापत्रिकेवर आली. जुलै १९८० मध्ये मांस महागले आणि सुरू झालेल्या संपांतून 'सॉलिडॅरिटी' जन्मली. ग्दान्स्कच्या संपकऱ्यांच्या एकवीस मागण्यांत मांसासाठी कूपन सुरू करावे, अशीही एक होती. मिळेल ते सगळ्यांना सारखे मिळावे, एवढीच अपेक्षा. १९८१ मध्ये कूपने आली आणि १९८९ पर्यंत राहिली. आज पर्यटकापुढे येणारी भरगच्च मांसाची थाळी आजीच्या काळची म्हणून दाखवली जाते. ती आजी तरुणपणी रांगेत उभी होती.

करंजीतले हरवलेले गाव

शेवटी पिएरोगी. त्यांतला सर्वांत लाडका प्रकार 'रुस्किये'. बटाटा, ताजे पनीरासारखे त्वारूग आणि परतलेला कांदा यांचे सारण. नावाचा संबंध रशियाशी नाही. 'रुस' हा पूर्वेकडचा, आज बहुतांशी युक्रेनमध्ये असलेला प्रदेश. १९४५ मध्ये पोलंडची सीमा पश्चिमेकडे सरकवली गेली आणि ल्वूवसारखी शहरे सोव्हिएत संघात गेली. दहा लाखांहून अधिक पोलिश लोक घरदार सोडून पश्चिमेला आले. त्यांच्याबरोबर हे सारणही देशभर पसरले. २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर मोठे आक्रमण केले, तेव्हा अनेक उपाहारगृहांनी पाटीवरचे नाव बदलून 'युक्रेनी पिएरोगी' केले.

या पूर्वेकडच्या माणसांचा एक धागा कोल्हापुरापर्यंत येतो. सोव्हिएत सत्तेने १९४०-४१ मध्ये तिथून सैबेरियात आणि कझाकस्तानात हाकललेल्या कुटुंबांपैकी सुमारे पाच हजार जण, बहुतेक बायका आणि मुले, इराणमार्गे हिंदुस्थानात पोहोचले आणि १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळ वळिवडे येथील छावणीत राहिले. युद्ध संपले तेव्हा त्यांतल्या अनेकांचे गाव पोलंडात उरलेच नव्हते. बरेच जण इंग्लंड आणि ऑस्ट्रेलियाकडे निघून गेले.

क्राकूवची खाद्यफेरी खोटी नाही. ते पदार्थ खरे आहेत आणि चवदारही आहेत. पण त्यांना जोडणारा धागा अखंड वारशाचा नाही. मक्ते, उपवास, टंचाई, हकालपट्टी आणि हत्या यांतून वाचलेल्या गोष्टी एका ताटात मांडल्या आहेत. वाटाड्याने प्रत्येक थांब्यावर 'हे पारंपरिक' एवढे सांगून पुढे न जाता 'हे अमुक साली, अमुक माणसांनी आणले, आणि ती माणसे पुढे अशी गेली' एवढे जोडले, तरी फेरी फारशी लांबणार नाही. ताटातल्या घासाला त्याचा धनी मात्र परत मिळेल.