फुटबॉलचा सामना पाहावयास जातांना

वर्धा जिल्ह्यांतील आम्हां मंडळींस मोठ्या प्रेक्षागारांत बसून फुटबॉलचा सामना पाहण्याचा योग क्वचितच येतो. शाळेच्या पटांगणावर रेषेबाहेर उभें राहून पाहिलेला सामना निराळा आणि पन्नास हजार माणसांत बसून पाहिलेला सामना निराळा. हा दुसरा योग बहुधा तेव्हां येतो, जेव्हां घरांतील एखादा मुलगा वा मुलगी शिक्षणाच्या किंवा नोकरीच्या निमित्तानें मुंबईस अथवा कोलकात्यास जाऊन राहते, आणि एके दिवशीं कळवते कीं, "तिकिटें काढलीं आहेत, तुम्ही सारीं या." मग घरांत तयारी सुरू होते. आजी दशम्या बांधावयाच्या गोष्टी बोलते, वडील छत्री शोधतात, आई पाण्याच्या बाटल्या भरूं लागते. आणि तिकिटासोबत आलेली सूचना वाचली म्हणजे कळतें कीं, यांतील बहुतेक वस्तु आंत नेतां येणार नाहींत. पिशवी नको, बाटली नको, छत्री नको, काडेपेटी नको. अमुकच दारानें या आणि अमुकच आसनावर बसा.

ही यादी वाचून सुशिक्षित मनुष्यास थोडा राग येतो. पैसे आम्हीं मोजावयाचे आणि अविश्वासहि आमच्यावरच दाखवावयाचा, असें त्यास वाटतें. या रागाचें निरसन करण्यास इतिहासासारखा दुसरा उपाय नाहीं. त्या यादींतील महत्त्वाचीं कलमें कोणा अधिकाऱ्याच्या लहरींतून निघालेलीं नाहींत. कोठें तरी खेळ पाहावयास गेलेलीं माणसें घरीं परत आलीं नाहींत, म्हणून तीं लिहिलीं गेलीं. तो इतिहास थोडक्यांत सांगावा, आणि सामन्यास जाणाऱ्यानें बरोबर काय न्यावें व तेथें काय अपेक्षावें याचा त्यावरून विचार करावा, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

आपल्या देशांत हा खेळ रुजला तो मुख्यतः गोऱ्या पलटणींमुळें. मुंबईची रोव्हर्स चषकाची स्पर्धा १८९१ सालीं सुरू झाली. हिंदी संघानें तो चषक प्रथम जिंकला तो १९३७ सालीं, आणि तो मान बंगलोर मुस्लिम्स या संघाचा. परंतु हिंदी प्रेक्षकाचा इतिहास त्याच्या बराच आधीं सुरू होतो. २९ जुलै १९११ या दिवशीं कलकत्त्यास मोहन बगान संघानें ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटचा २-१ असा पराभव करून आय. एफ. ए. शील्ड जिंकली. विजयी संघांतील एक खेळाडू सोडला तर बाकीचे अनवाणी खेळले. तो सामना पाहण्यासाठीं बंगालच्या खेड्यापाड्यांतून लोक आले. त्यांच्याकरितां जादा आगगाड्या आणि आगबोटी सोडाव्या लागल्या. बसावयास जागा थोड्यांनाच मिळाली. कांहीं झाडांवर चढले, कांहींनीं पैसे देऊन उभें राहावयास खोकीं घेतलीं, आणि ज्यांना कांहींच दिसत नव्हतें त्यांच्यासाठीं पतंग उडवून कोणी किती गोल केले हें कळविण्यांत आलें.

त्या प्रेक्षकाचा मोकळेपणा पाहून आपणांस हेवा वाटावा. परंतु एक गोष्ट ध्यानांत ठेविली पाहिजे. त्या मैदानाच्या चारी बाजूंस दगडी भिंत नव्हती. उघड्यावर गर्दी वाढली म्हणजे ती पसरते. भिंतीच्या आंत वाढली म्हणजे दाटते. खेळ लोकप्रिय झाला, तिकीट लावणें भाग पडलें, तिकिटासाठीं भिंत आली, भिंतीस दारें आलीं आणि दारांस कुलपें आलीं. पुढील साऱ्या दुःखद कथेचें मूळ येथें आहे.

विलायतेंत ही स्थिति आपल्या आधींच आली होती. ५ एप्रिल १९०२ रोजीं ग्लासगो येथील आयब्रॉक्स मैदानावर स्कॉटलंड आणि इंग्लंड यांचा सामना चालू असतां उभें राहण्याचा लांकडी मंच मोडला आणि पंचवीस माणसें दगावलीं. १९२३ सालीं लंडनच्या वेम्ब्ले येथें नवें प्रेक्षागार उघडलें, तेव्हां सव्वा लाखाच्या जागेंत दोन लाखांवर लोक शिरले असा अंदाज आहे. लोक खेळाच्या जागेवरच उतरले आणि घोडेस्वार पोलिसांनीं त्यांना हळूहळू मागें सारल्यावर खेळ पाऊण तास उशिरा सुरू झाला. त्या दिवशीं मोठा अनर्थ टळला. परंतु पुढील वर्षापासून त्या अंतिम सामन्याचीं तिकिटें आगाऊ विकण्याचा नियम झाला. आज आपण घरबसल्या आसनाचा क्रमांक घेतों, त्याची परंपरा अशी आहे.

हा नियम सर्वत्र लागू झाला नाहीं याचें फळ ९ मार्च १९४६ रोजीं बोल्टन गांवीं मिळालें. बर्न्डन पार्क मैदानांत आधींच फार दाटी झाली होती, तरी लोक भिंतींवरून आणि उघड्या दारांतून आंत येतच राहिले. दाबाखालीं अडसर मोडले आणि तेहतीस माणसें चेंगरून मेलीं. खेळ कांहीं वेळ थांबला. नंतर लांकडाच्या भुशानें मैदानाची नवी सीमारेषा आंखून तो पुरा करण्यांत आला, आणि रेषेपलीकडे मृतदेह झांकून ठेवले होते. मैदानाच्या दुसऱ्या टोकाच्या हजारों लोकांस काय झालें याचा पत्ताहि नव्हता. गर्दीचा हा धर्म विशेष लक्षांत घेण्यासारखा आहे. पुढचा मनुष्य गुदमरत असतो, आणि मागच्याला वाटतें कीं थोडेसें रेटलें तर आपणांसहि जागा होईल.

कुलुपाची कथा याहून दारुण आहे. २४ मे १९६४ रोजीं पेरू देशांतील लिमा शहरीं पंचानें एक गोल नाकारल्यावरून दंगल झाली, पोलिसांनीं अश्रुधूर सोडला, लोक जिन्यांनीं खालीं धांवले, आणि खालचीं दारें बंद होतीं. तीनशेंहून अधिक माणसें मेलीं. ११ मे १९८५ रोजीं इंग्लंडांतील ब्रॅडफर्ड येथें लांकडी प्रेक्षागारास आग लागली. फळ्यांखालीं वर्षानुवर्षें सांचलेल्या कचऱ्यानें पेट घेतला होता. समोर कुंपण नव्हतें म्हणून पुष्कळजण मैदानांत उतरून वांचले. जे ज्या वाटेनें आले होते त्याच वाटेनें मागें गेले, त्यांतील कित्येकांस दारें बंद आढळलीं. छप्पन्न माणसें गेलीं. काडेपेटीचें कलम या प्रसंगाजवळ ठेवून वाचावें. आणि लिमाचा धडा जगानें पुरता घेतला असें म्हणण्याची सोय नाहीं. अठ्ठावन्न वर्षांनीं, १ ऑक्टोबर २०२२ रोजीं, इंडोनेशियांतील कंजुरुहान मैदानावर पुन्हां अश्रुधूर, पुन्हां अरुंद आणि बंद दारें, आणि एकशें पस्तीस मृत.

हें सारें परदेशचें, असें कोणी म्हणूं नये. १६ ऑगस्ट १९८० रोजीं कलकत्त्याच्या ईडन गार्डन्सवर मोहन बगान आणि ईस्ट बंगाल यांच्या सामन्यांत अनुयायांची दंगल होऊन सोळा प्रेक्षक मृत्यु पावले. त्यांच्या स्मरणार्थ तेथें त्या तारखेस रक्तदान करण्याची प्रथा पडली. आपल्या महाराष्ट्रांत फुटबॉलचें खरें वेड कोल्हापुरास आहे. तेथील संघांचीं नांवेंच पाहावीं: पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार तालीम, बालगोपाल तालीम. कुस्तीच्या आखाड्यांनीं चेंडू उचलला आणि पेठापेठांची ईर्षा शाहू स्टेडियममध्यें उतरली. ती ईर्षा त्या खेळाचा प्राण आहे. परंतु तिला आवर राहिला नाहीं म्हणजे काय होतें हें कलकत्त्यानें दाखविलें आहे.

येथें दोष कोणाचा, हा प्रश्न येतो. १५ एप्रिल १९८९ रोजीं शेफील्डच्या हिल्सबरो मैदानावर बाहेरची दाटी कमी करण्यासाठीं पोलिसांनीं एक मोठें दार उघडविलें, आणि आंत गेलेला लोंढा आधींच भरलेल्या, लोखंडी कुंपण घातलेल्या खणांत शिरला. या दुर्घटनेंतील मृतांची संख्या अखेर सत्त्याण्णव झाली. कित्येक वर्षें प्रेक्षकांच्याच माथीं दोष मारण्यांत आला; शेवटीं २०१६ सालीं पंचांच्या मंडळानें निर्णय दिला कीं, प्रेक्षक निर्दोष होते आणि त्यांचे मृत्यु बेकायदा होते. प्रत्येक प्रेक्षकास आसन असावें ही शिफारस या घटनेच्या चौकशींतून आली. गर्दी म्हणजे बेशिस्त, हा समज आपल्या वर्गांत फार खोल रुजलेला आहे. नागपुरास २३ नोव्हेंबर १९९४ रोजीं आपल्या मागण्या घेऊन विधानभवनाकडे आलेल्या गोवारी बांधवांपैकीं एकशें चौदाजण चेंगराचेंगरींत मेले, त्यांत बायका-मुलें पुष्कळ होतीं. तेथें चेंडू नव्हता, तिकीट नव्हतें; अडविलेली वाट आणि मागून येणारा रेटा मात्र तोच होता. वर्ध्याहून तें ठिकाण दीड-दोन तासांच्या वाटेवर आहे.

या विषयावर आपल्याकडे फार पूर्वीं विचार झाला होता, आणि तो करणारा पुरुष पुढें आमच्याच जिल्ह्यांत येऊन राहिला. शाळेंत सक्तीचे होईपर्यंत गांधीजी क्रिकेट-फुटबॉलच्या वाटेस गेले नव्हते, असें त्यांनींच आत्मचरित्रांत सांगितलें आहे. परंतु गर्दीचा अनुभव त्यांच्याइतका कोणास असणार? सप्टेंबर १९२० मध्यें 'यंग इंडिया' पत्रांत त्यांनीं लोकशाही आणि झुंडशाही यांवर एक लेख लिहिला. त्यांत नियमच घालून दिले आहेत: नवशिक्या स्वयंसेवकांस मोठ्या प्रसंगीं घेऊं नये; मोठ्या जमावानें स्टेशनांत शिरूं नये; स्वयंसेवकांनीं जमावांत विखरून उभें राहावें, आणि आवाज पोंचत नाहीं तेथें निशाण व शिटी यांच्या खुणांनीं एकमेकांस निरोप द्यावा. आजच्या प्रेक्षागारांतील व्यवस्थापक जें यंत्रांच्या साहाय्यानें करतात, त्याचें सार या नियमांत आहे. त्यांचा विश्वास असा होता कीं, जमावास शिकवणें कठीण नाहीं. शिकविणारा मात्र हवा.

आतां आपल्या कुटुंबापुरतें बोलूं. तिकीट मोबाइलमध्यें असलें तरी दाराचा आणि आसनाचा क्रमांक कागदावर लिहून खिशांत ठेवावा. हजारों लोक एकाच वेळीं बोलूं लागले म्हणजे तें यंत्र मुकें होतें. सामन्याच्या निदान एक तास आधीं पोंचावें, कारण दारावरची खरी दाटी आरंभाच्या अगोदरच्या थोड्या वेळांत होते. सामान जवळजवळ नसावेंच: थोडे पैसे, ओळखपत्र, डोक्यास टोपी, आणि औषध लागत असल्यास वैद्याच्या चिठ्ठीसह औषध. पावसाळ्यांत छत्रीऐवजीं अंगांत घालण्याचा पातळ रेनकोट बरा. लहान मुलाच्या खिशांत पालकाचें नांव व दूरध्वनीचा क्रमांक लिहिलेली चिठ्ठी ठेवावी, आणि चुकामूक झाल्यास कोठें भेटावयाचें तें आंत जाण्यापूर्वींच ठरवावें. आसनावर बसल्याबरोबर, खेळाडूंकडे पाहण्याच्या आधीं, बाहेर जाण्याच्या दोन वाटा पाहून ठेवाव्या. ब्रॅडफर्डचा एवढा उपदेश घेतला तरी पुष्कळ झालें.

सामना संपल्यावर दहा-पंधरा मिनिटें बसून राहण्यांत कांहींहि नुकसान नाहीं. तरीहि दाटींत सांपडलों तर हात छातीपुढें घेऊन श्वासापुरती जागा राखावी, भिंतीपासून दूर राहावें, उलट रेटूं नये, आणि लोंढा क्षणभर सैल झाला कीं तिरपें सरकत कडेस जावें. पायांतील चप्पल गेली तर जाऊं द्यावी. तिच्यासाठीं वांकूं नये. शेजारीं कोणी पडला तर त्यास मात्र ताबडतोब उभें करावें.

इतकें सांगितल्यावर वाचकांस वाटेल कीं, मग जावेंच कशास? जावें अशासाठीं कीं, पडद्यावर चेंडू दिसतो आणि मैदानांत खेळ दिसतो. पंचेचाळीस मिनिटांचे दोन डाव, मध्यें पंधरा मिनिटांची विश्रांति, आणि वायां गेलेल्या वेळाची शेवटीं भरपाई. या अवधींत चेंडूपासून दूर असलेला खेळाडू जागा कशी हेरतो, बचावाची फळी एकजुटीनें कशी पुढें सरकते, हें उंचावरून पाहिल्याशिवाय कळत नाहीं. हुकलेला क्षण मात्र कोणी पुन्हां दाखवील अशी आशा धरूं नये. कांहीं प्रेक्षागारांत मोठा पडदा असतो, सर्वत्र नसतो. ढोल, आरोळ्या आणि गाणीं यांनीं कान भरून जातील. वृद्धांनीं व मुलांनीं कापसाचे बोळे जवळ ठेवावे. नव्या मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर २५ ऑक्टोबर २०१७ रोजीं सतरा वर्षांखालील मुलांच्या जागतिक स्पर्धेंतील उपांत्य सामना झाला आणि स्पेननें मालीस ३-१ असें हरविलें. पांच वर्षांनीं तेथेंच मुलींच्या त्याच स्पर्धेचा अंतिम सामना झाला आणि स्पेननें कोलंबियावर एका गोलानें मात केली. मुलींस बरोबर घेऊन जावें अशी जागा म्हणून आतां प्रेक्षागाराकडे पाहावयास हरकत नाहीं.

आमच्या जिल्ह्यांत आज ना उद्यां मोठें प्रेक्षागार उभें राहील. त्या वेळीं खुर्च्या किती आणि दिवे किती याची वर्णनें पुष्कळ छापून येतील. तिकीट घेणाऱ्या नागरिकानें मात्र आधीं एवढें विचारावें कीं, बाहेर पडण्याचीं दारें किती आहेत, तीं कोणत्या बाजूस उघडतात, आणि सामना चालू असतां त्यांच्या किल्ल्या कोणाच्या हातांत असतात.