सुरा, विजया आणि माजूम : पंचगंगा परिसरातील मादक मिष्टान्नाची सांस्कृतिक व वाङ्मयीन पार्श्वभूमी

काशीच्या पंचगंगा घाटाला मराठी वाङ्मयेतिहासात स्वतःचे स्थान आहे. पैठणच्या एकनाथांनी भागवताच्या एकादश स्कंधावरील आपली टीका काशीत पूर्ण केली ती १५७३ मधील कार्तिकी पौर्णिमेला, आणि परंपरेने हा प्रसंग पंचगंगेशी जोडला आहे. येथील बिंदुमाधवाचे विद्यमान मंदिर औंधच्या पंतप्रतिनिधींच्या आश्रयाने उभे राहिले. घाटावरील दगडी ‘हजारा’ दीपस्तंभ अहिल्याबाई होळकरांच्या नावाने ओळखला जातो. शेजारचे दुर्गाघाट व ब्रह्माघाट पेशव्यांचे गुरू नारायण दीक्षित पाटणकर यांच्याशी निगडित आहेत. घाटांच्या या ओळीमागील गल्ल्यांत वैदिक, शास्त्री, पुराणिक आणि त्यांचे आश्रित अशी मराठी भाषकांची वस्ती पिढ्यानुपिढ्या नांदली. या वस्तीच्या विद्वत्तेचा इतिहास पुष्कळ लिहिला गेला. तिच्या रसनेचा इतिहास मात्र फारसा लिहिला गेला नाही. सणासुदीच्या मादक मिष्टान्नाचा प्रश्न या दुसऱ्या इतिहासात मोडतो. तो वरवर क्षुल्लक वाटला तरी धर्मशास्त्र, वैद्यक, अबकारी कायदा आणि नाट्यवाङ्मय या चारही क्षेत्रांना तो स्पर्श करतो.

युरोपात नाताळच्या सुमारास केकचा चुरा, कोको, साखर व रम एकत्र मळून गोळे वळण्याची पद्धत आहे. या पदार्थाला भट्टी लागत नाही, आणि त्यामागे द्रव्यगुणाचे कारण आहे. मद्यार्क सुमारे ७८ अंश सेल्सिअसला उकळू लागतो. त्यामुळे मद्याचा गंध व अंश टिकवायचा असेल तर ते अग्नीपासून दूर ठेवणे सोयीचे ठरते. काशीच्या ब्राह्मणवस्तीत या पदार्थाचे तंतोतंत प्रतिरूप शोधणे व्यर्थ आहे. त्याच्या जागी जे आढळते ते भांगेचे मिष्टान्न : वाटलेली बुटी, बदाम, मगज, खवा व साखर यांची गोळी, तिचेच द्रवरूप असलेली ठंडाई, आणि तूप-साखरेत सिद्ध केलेली माजूम. म्हणून खरा प्रश्न असा की, सणाच्या गोडव्यात मादकतेला जागा देणाऱ्या या समाजाने ती जागा सुरेला न देता विजयेला का दिली.

या प्रश्नाचे पहिले उत्तर धर्मशास्त्रात मिळते. मनुस्मृतीने सुरापानाची गणना महापातकांत केली आणि गौडी, पैष्टी व माध्वी असे सुरेचे तीन प्रकार सांगून द्विजश्रेष्ठांसाठी तिन्ही सारख्याच निषिद्ध ठरविल्या. कलिवर्ज्य प्रकरणांनी याच्याही पुढे जाऊन सौत्रामणी यागातील सुराग्रहही कलियुगात वर्ज्य मानला. काशीत स्थायिक झालेल्या मराठी भट्ट घराण्यातील कमलाकरभट्टांचा ‘निर्णयसिंधु’ (१६१२) हा या निबंधपरंपरेतील सर्वाधिक प्रचलित ग्रंथांपैकी एक होय. व्रते, तिथी व उत्सव यांचा निर्णय ज्या ग्रंथाधारे होत असे त्याच ग्रंथात कलिवर्ज्यांचाही विचार होता. अशा वातावरणात मद्याचा एक थेंबही नैवेद्याच्या वा फराळाच्या ताटात येणे शक्य नव्हते. मात्र सुरेची ही व्याख्या गूळ, पीठ, मोहाची फुले अशा द्रव्यांच्या आंबवण्यावर बेतलेली होती. पानांच्या वाटणातून सिद्ध होणारी भांग या व्याख्येच्या कक्षेत सरळ येत नव्हती.

वैद्यकानेही हा भेद आपल्या परीने केला होता. तेराव्या-चौदाव्या शतकातील मानल्या जाणाऱ्या शार्ङ्गधरसंहितेत द्रव्यांच्या कर्मांची परिभाषा देताना भांग व अफू यांचे उदाहरण ‘व्यवायी’ या संज्ञेखाली येते. पचनापूर्वीच जे शरीरभर पसरते ते व्यवायी. बुद्धीचा लोप करणाऱ्या ‘मदकारी’ द्रव्याचे उदाहरण म्हणून मात्र सुरादी मद्याचे नाव घेतले आहे. सोळाव्या शतकातील भावप्रकाशात भांगेला ‘विजया’ व ‘जया’ ही गौरवाची नावे मिळालेली दिसतात. आज ‘मादक पदार्थ’ या एकाच शब्दात जे दोघे सामावतात, ते त्या ज्ञानव्यवस्थेत दोन निराळ्या कोष्टकांत होते. आधुनिक मराठी संज्ञा जुन्या ग्रंथांवर लादल्यास हा भेदच नाहीसा होतो.

‘माजूम’ हा शब्द तिसऱ्याच दिशेने आला. त्याचे मूळ अरबी ‘मअजून’ असून त्याचा अर्थ ‘मळलेले’ असा आहे. म्हणजे या शब्दात अग्नी नाही, मळणे आहे. फारसीतून तो भारतीय भाषांत रुळला आणि मराठीत ‘माजूम’ झाला. बाबराच्या आत्मवृत्तात माजुमेचे उल्लेख वारंवार येतात. १५१९ मधील एका नौकाविहाराच्या वर्णनात अरक पिणारे आणि माजूम खाणारे यांची मैफल एकत्र जमत नाही, असे निरीक्षण तो नोंदवितो. १५६३ मध्ये गोव्यात छापलेल्या गार्सिया द ओर्ताच्या संवादग्रंथातही भांगेवर स्वतंत्र संवाद असून साखरेसह केलेल्या अवलेहाचे नाव तेथे ‘माजू’ असे येते. गुजरातचा सुलतान बहादूरशहा ते सेवन करून रात्री मनाने देशोदेशी हिंडून येत असे, ही आख्यायिकाही ओर्ताने दिली आहे. म्हणजे सोळाव्या शतकात हे मिष्टान्न काबूलपासून गोव्यापर्यंत दरबारी उपभोगाची वस्तू होते. काशीत त्याला शिवाच्या प्रसादाची प्रतिष्ठा मिळाली, ती विजयेच्या स्थानिक धार्मिक संदर्भामुळे.

कृतीच्या दृष्टीने येथे एक लक्षणीय विरोध दिसतो. मद्याचा अंश उष्णतेने उडून जातो. भांगेचे उलट आहे. तिच्या पानांतील मुख्य द्रव्य बव्हंशी निष्क्रिय आम्लाच्या रूपात असते. उष्णतेने त्याचे सक्रिय रूपात परिवर्तन होते, आणि ते पाण्यापेक्षा स्निग्ध पदार्थात अधिक विरघळते. म्हणून तुपात शिजविलेली माजूम तीव्र ठरते, तर धुऊन, भिजवून, पाट्यावर वाटून आणि साफीतून गाळून केलेली ठंडाई तुलनेने सौम्य राहते. दुधाच्या व बदामाच्या स्निग्धांशामुळे तिच्यात काही अंश उतरतो, इतकेच. काशीतील सभ्य सेवनाची मर्यादा या बिनअग्नीच्या कृतीने राखली जात असे, असे म्हणता येईल. वाटण्याला लागणारा वेळ, गोळीचे माप आणि सोबत बसणारी मंडळी हे त्या मर्यादेचे घटक होत.

या सेवनाचे सर्वांत बोलके वाङ्मयीन साक्ष्य मराठी ग्रंथात नसून हिंदी नाटकात आहे. पंचगंगेपासून जवळच, चौखंभा भागात राहणारे भारतेन्दु हरिश्चंद्र (१८५०–१८८५) यांनी १८७४-७५ च्या सुमारास ‘प्रेमजोगिनी’ ही नाटिका लिहावयास घेतली. ती चार गर्भांकांपुढे गेली नाही. चौथ्या गर्भांकाचे स्थळ आहे बुभुक्षित दीक्षितांची बैठक. गप्प पंडित, चंबूभट्ट, रामभट्ट आदी मंडळी विडे खात भांग-बुटीची तजवीज करीत बसली आहेत आणि इतक्यात जेवणाचे निमंत्रण करणारा येऊन पुकारतो. या प्रवेशातील पात्रे काशीकर मराठी ब्राह्मण असून त्यांच्या तोंडी मराठी भाषा घातली आहे. हिंदी नाट्याच्या आरंभकाळातील एका प्रमुख लेखकाने आपल्या नगराचे चित्र पुरे करण्यासाठी मराठी संवाद आवश्यक मानले, ही गोष्ट तुलनात्मक साहित्याच्या अभ्यासकाने दुर्लक्षू नये.

हा प्रवेश साक्ष्य म्हणून वाचताना सावधगिरी हवी. ‘बुभुक्षित’ व ‘गप्प’ ही नावेच उपहासाची आहेत, आणि उपहास आपल्या विषयाचे एकच अंग ठळक करतो. निमंत्रण, दक्षिणा व बुटी या त्रिकोणात कोंडलेला मराठी वैदिक हे भारतेन्दूंचे चित्र त्या वस्तीतील अध्ययन-अध्यापनाला न्याय देत नाही. तरीही एक बाब ध्यानात येते. ‘भारत दुर्दशा’ या नाटकात भारतेन्दूंनी मदिरेला भारताच्या शत्रुपक्षातील पात्र म्हणून रंगमंचावर आणले. ‘प्रेमजोगिनी’त भांगेला पात्र होण्याची गरज पडली नाही, ती बैठकीच्या सामानातच जमा आहे. एकाच लेखकाकडे मद्य राष्ट्रीय रूपकाचा विषय होते आणि भांग नगरचित्राचा. मराठीकडे वळल्यास हा भेद अधिकच तीव्र होतो. गडकऱ्यांचे ‘एकच प्याला’ १९१९ मध्ये रंगभूमीवर आले आणि मद्याला मराठी नाटकात शोकांतिकेचा दर्जा मिळाला. निषेधाची तीव्रता जेथे मोठी, तेथे वाङ्मयप्रकारही गंभीर. जेथे समाजाने सवलत दिली, तेथे प्रहसन.

अबकारी शासनाला हे सूक्ष्म भेद हाताळणे अवघड गेले. भारतीय भांग-गांजा आयोगाने (१८९३–९४) १,१९३ साक्षी नोंदवून भांगेच्या मर्यादित सेवनावर सर्वंकष बंदी घालणे आवश्यक वा इष्ट नाही, असा निष्कर्ष काढला. या अहवालाला मुंबईचे अधिकारी जे. एम. कॅम्पबेल यांचे भांगेच्या धार्मिक स्थानाविषयीचे टिपण जोडलेले आहे. बनारसेतील शास्त्राध्यायी विद्यार्थ्यांना पाठापूर्वी भांग दिली जाते, असे विधान त्यात येते. या विधानाचा उपयोग मराठी पाठशाळांच्या इतिहासासाठी जपूनच केला पाहिजे. टिपणाचा सूर भांगेचे पावित्र्य पटवून देण्याचा आहे, तर भारतेन्दूंचा सूर त्या पावित्र्याची थट्टा करण्याचा. दोघेही बाहेरून पाहणारे आहेत. एकाने भाविक पाहिला, दुसऱ्याने भोजनभाऊ.

स्वातंत्र्योत्तर काळात हा भेद कायद्याच्या भूगोलात उतरला. १९८५ च्या अमली औषधिद्रव्ये व मनोव्यापारांवर परिणाम करणारे पदार्थ अधिनियमाने गांजाच्या व्याख्येतून शेंड्यांविरहित पाने वगळली आणि भांगेचा प्रश्न राज्यांकडे राहिला. उत्तर प्रदेशात परवानाधारक दुकानांतून भांग विकली जाते. महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी अधिनियमाने भांगेला मादक द्रव्यांत धरून परवान्याच्या कक्षेत आणले. ज्या दोन द्रव्यांना निबंधकारांनी व वैद्यांनी वेगळे ठेवले होते, ती महाराष्ट्रात एकाच अधिनियमाखाली आली. काशीत मात्र जुना भेद व्यवहारात टिकला. पंचगंगेवरील मराठी कुटुंबाचा शिवरात्रीचा प्रसाद आणि त्याच्याच पुण्यातील आप्तांचा सण यांच्यामध्ये कायद्याची ही रेषा उभी आहे.

पंचगंगा घाट हा मूलतः वैष्णव घाट आहे. कार्तिकस्नान, आकाशदीप आणि बिंदुमाधवाची उपासना ही त्याची ओळख. शिवरात्री व होळीची विजया ही भोवतालच्या शैव नगराची देणगी. मराठी वस्तीने दोन्ही स्वीकारल्या असतील तर तो स्वीकार कोणत्या प्रमाणात व कोणत्या घरांत झाला, हे ठरविण्यास एक उपहासप्रधान प्रवेश व एक शासकीय टिपण अपुरे आहे. दोन्हींत केवळ पुरुष बोलतात. पाट्यावर वाटणारे हात, बदाम सोलणाऱ्या स्त्रिया, खवा पुरविणारे हलवाई यांचा आवाज त्यांत नाही. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे ‘सूपशास्त्र’ १८७५ मध्ये निघाले, म्हणजे ‘प्रेमजोगिनी’च्या सुमारासच, मराठी स्वयंपाकघर छापील ग्रंथात येऊ लागले त्याच वेळी काशीतील मराठी बैठक हिंदी नाटकात नोंदली जात होती. या दोन नोंदी आजवर वेगवेगळ्या दालनांत ठेवल्या गेल्या. घराण्यांच्या दप्तरांतील खर्चाच्या याद्या, सणांची टिपणे व खासगी पत्रे यांच्या आधारे त्या शेजारी ठेवून वाचल्या, तरच काशीतील मराठी समाजाचे चित्र बुभुक्षित दीक्षितांच्या बैठकीतून बाहेर पडेल.