दोन दुष्काळ

चंडीगडमध्ये अमोल पालेकरांचं नाव काढलं, की समोरचा हसून ‘गोलमाल’ म्हणतो. ते दिग्दर्शकही आहेत असं सांगितलं, तर ‘पहेली’ आठवतो, तोही बहुधा शाहरुख खानचा म्हणून. अनुवाद करून जगणाऱ्या मला मात्र पालेकर जवळचे वाटतात ते दिग्दर्शक म्हणूनच. त्यांची ती कारकीर्द मला एका अनुवादकाची कारकीर्द वाटते.

तिची तयारी अभिनयातच झाली. चित्रकला शिकलेले, बँकेत नोकरी करणारे पालेकर सत्यदेव दुबे यांच्यासोबत नाटकांत रमले आणि बासू चटर्जींमुळे हिंदी पडद्यावर स्थिरावले. ‘रजनीगंधा’ (१९७४) मन्नू भंडारींच्या हिंदी कथेवर, ‘चितचोर’ (१९७६) सुबोध घोष यांच्या बंगाली कथेवर, तर ‘छोटी सी बात’ (१९७६) एका इंग्रजी चित्रपटावर बेतलेला. कुठून कुठून आलेली माणसं शेजारच्या घरातली वाटावीत, हेच त्यांचं काम होतं.

१९८१ मध्ये त्यांनी मराठीत ‘आक्रीत’ दिग्दर्शित केला. मानवत हत्याकांडावर आधारलेली त्याची पटकथा विजय तेंडुलकरांची. पुढे ‘अनकही’मध्ये चिं. त्र्यं. खानोलकरांचं ‘कालाय तस्मै नमः’ हे नाटक त्यांनी हिंदीत नेलं. पण अनुवादक म्हणून मी पुन्हा पुन्हा पाहते ते त्यांचे दुष्काळावरचे दोन चित्रपट.

पहिला ‘थोडासा रूमानी हो जाएँ’ (१९९०). मूळ नाटक एन. रिचर्ड नॅश यांचं ‘द रेनमेकर’. जोसेफ अँथनी यांनी ते १९५४ मध्ये ब्रॉडवेवर आणि १९५६ मध्ये पडद्यावर दिग्दर्शित केलं. तेही मूळचे नटच. पावसाविना होरपळणारं कुटुंब, लग्न न झालेली मुलगी आणि शंभर डॉलरांत पाऊस पाडतो म्हणणारा भामटा, अशी ती गोष्ट. पालेकरांनी हे सगळं मोकळेपणाने बदललं. पात्रं बोलता बोलता पद्यात शिरतात. नाना पाटेकरांच्या भामट्याचं लांबलचक नाव संपतं ‘बारिशकर’वर. फारसी वळणाचा शब्द आणि त्याला आपल्या आडनावांतला ‘कर’! अमेरिकन ठग एका शब्दात आपल्या मुलखाचा होतो. अशा एका शब्दासाठी आम्ही अनुवादक आठवडे घालवतो.

दुसरा ‘बनगरवाडी’ (१९९५). व्यंकटेश माडगूळकरांची कादंबरी १९५५ ची, पटकथाही त्यांचीच. माणदेशातली धनगरांची वस्ती, तिथे आलेला पोरसवदा मास्तर, आणि शेवटी दुष्काळाने रिकामी होणारी वाडी. हा चित्रपट पालेकरांनी मराठीतच ठेवला. खानोलकरांना हिंदीत नेणाऱ्या दिग्दर्शकाला ती वाट माहीत नव्हती असं नाही.

पहिल्या गोष्टीत पाऊस येतो, दुसरीत येत नाही. मला वाटतं, भाषेचा निर्णय याच फरकात आहे. पावसाची आस कुठल्याही भाषेत सांगता येते. अमेरिकेतून ती आपल्याकडे सहज आली. पण एका विशिष्ट माळावरून मेंढरं घेऊन निघून जाणाऱ्या माणसांचं बोलणंही आपण बदललं, तर त्यांच्यापाशी उरलेली शेवटची वस्तूही आपण काढून घेतो.

हे तत्त्व त्यांनी सदैव पाळलं असं मात्र नाही. जी. ए. कुलकर्णींची ‘कैरी’ त्यांनी पुढे हिंदीत केली. चित्रपट हळवा आणि नेटका आहे, तरी धारवाडात बसून लिहिलेलं जीएंचं ते मराठी मला त्यात सापडत नाही. विजयदान देथांच्या राजस्थानी कथेवरचा ‘पहेली’ (२००५) भारतातर्फे ऑस्करला गेला, पण राजस्थानी वाचकाची चुटपुट माझ्यासारखीच असेल.

‘बनगरवाडी’ हिंदीत असता, तर इथे चंडीगडमध्येही तो अधिक लोकांनी पाहिला असता. तो तोटा पत्करून दिग्दर्शक थांबला. काय न्यायचं हे प्रत्येक अनुवादक शिकतो. कुठे थांबायचं हे शिकायला मला तरी हा चित्रपट लागला.