लशीचें कवच : रक्तांतून यीस्टकडे

वाघोलीच्या दक्षिणेस, मुळा-मुठेच्या पलीकडे, मांजरी व हडपसर हे भाग आहेत. हडपसरच्या बाजूस पूनावाला घराण्याची शर्यतीच्या घोड्यांची पैदास चाले. उतारवयाचे घोडे मुंबईच्या हाफकिन संस्थेस दिले जात आणि त्यांच्या रक्तद्रवापासून तेथें प्रतिविष तयार होई. हेंच काम पुण्यास कां होऊं नये, या विचारांतून सायरस पूनावाला यांनीं १९६६ सालीं सीरम इन्स्टिट्यूट स्थापन केली. पुढें याच संस्थेंत अशा लशी तयार होऊं लागल्या, कीं ज्यांना घोड्याचें वा माणसाचें रक्तच लागत नाहीं.

रक्ताची ही अडचण ‘बी’ प्रकारच्या काविळीनें स्पष्ट केली. या रोगाचा विषाणू आपल्या कवचाचीं प्रथिनें गरजेहून कितीतरी अधिक बनवितो, आणि तीं रिकामीं कवचें रोग्याच्या रक्तांत तरंगत राहतात. तींच गाळून, निर्जंतुक करून १९८१ सालीं अमेरिकेंत पहिली लस निघाली. दुर्दैवानें त्याच वर्षीं एड्सचे पहिले रोगी नोंदले गेले. लस शुद्ध होती. पण अनोळखी माणसाच्या रक्तांतून आलेलें द्रव्य निरोगी मुलास टोंचण्यास लोक कचरले, यांत नवल नाहीं.

तोडगा आनुवंशिकतेच्या ज्ञानानें दिला. कवच कसें रचावें याची आज्ञा विषाणूच्या एका जनुकांत असते. तेवढेंच जनुक यीस्टच्या पेशींत घातलें, तर यीस्ट तें प्रथिन बनवितें, आणि सुमारें २२ नॅनोमीटर व्यासाचीं कवचें आपोआप जुळून येतात. श्रोत्यांनीं ध्यानांत घ्यावें, कीं या लशींत विषाणू नसतोच. १९८६ सालीं ती अमेरिकेंत मान्य झाली. पुढें पुण्यांतही तशी लस बनूं लागली.

खरी कारागिरी यापुढची. रोनाल्ड रॉस यांनीं १८९७ सालीं सिकंदराबादेस डांसाच्या पोटांत हिवतापाचा जंतु पाहिला. तरीही त्यावर लस मिळण्यास सव्वाशें वर्षें लागलीं. ऑक्सफर्डच्या संशोधकांनीं त्या जंतूच्या जनुकाचा एक तुकडा काविळीच्या कवचाच्या जनुकास जोडला. यीस्टनें तें जोडप्रथिन बनविलें आणि कवचाच्या पृष्ठभागावर हिवतापाची खूण दाटीनें उमटली. एका रोगाचें कवच दुसऱ्या रोगावरील औषधाची बैठक झालें! ‘आर २१’ नांवाच्या या लशीची शिफारस जागतिक आरोग्य संघटनेनें ऑक्टोबर २०२३ मध्यें केली. ती पुण्यास सीरममध्यें बनते. मात्रेची किंमत चार डॉलरांहून कमी आहे. जुलै २०२४ मध्यें आयव्हरी कोस्टमध्यें ती मुलांना देण्यास आरंभ झाला. २०२३ सालीं हिवतापानें जगांत सुमारें सहा लाख माणसें दगावलीं. त्यांत बहुसंख्य आफ्रिकेंतील पांच वर्षांखालील मुलें होतीं. लशीचें बळ कांहीं महिन्यांनीं ओसरूं लागतें, म्हणून वर्षानें चौथी मात्रा देतात, आणि मच्छरदाणी सुटत नाहीं.

सर्पदंशावरील औषध मात्र आपल्या देशांत आजही घोड्याच्याच रक्तांतून काढावें लागतें.