तांदूळ आणि वाफ

ऊर्जानगरात वाफेचा महिमा सांगायला नको. गेली चार दशके येथे वाफेवरच वीज निर्माण होत आहे. आम्ही मात्र स्वयंपाकघरातील वाफेविषयी बोलणार आहोत. विषय हलका वाटेल, पण त्यात जुना पुरावा कसा वाचावा हा प्रश्न दडलेला आहे.

मानसोल्लास ग्रंथ आपल्याला परका नाही. चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने तो ११२९ च्या सुमारास रचला, आणि जुन्या मराठीच्या काही ओळी त्यात सापडतात म्हणून आपण त्याला मानतो. त्यात 'इडरिका' नावाचा पदार्थ आहे. तेवढ्यावरून इडली नऊशे वर्षांची, असे छातीठोकपणे सांगितले जाते. आम्हीही सांगत असू. पण कृती वाचली की उत्साह ओसरतो: उडदाचे बारीक पीठ, मिरे, जिरे, हिंग. तांदळाचा कणही नाही!

आहाराचे इतिहासकार के. टी. अचय यांनी तर्क केला की, तांदूळ मिसळणे, पीठ आंबवणे आणि वाफवणे या गोष्टी आठव्या ते बाराव्या शतकांत इंडोनेशियाकडून आल्या असाव्यात. चिनी प्रवासी ह्युएनत्संग याला येथे वाफवण्याचे भांडे दिसले नाही, हा त्यांचा एक आधार. हा आधार आम्हाला लंगडा वाटतो. मडक्यात पाणी, तोंडाला फडके, फडक्यावर पीठ, वर झाकण. एवढ्यावर काम भागते. निराळे भांडे हवे कशाला? आणि परक्या प्रवाशाला चुलीपुढे बसवून घेणार कोण?

मात्र समुद्रापलीकडचे साम्य खरे आहे. फिलिपाइन्समध्ये भिजवलेला तांदूळ वाटून, आंबवून, वाफवून 'पुतो' करतात. नाताळाच्या दिवसांत त्याचा एक प्रकार बांबूच्या नळीत शिजतो. मलय मुलखात 'पुतू' आहे. केरळात 'पुट्टू' आहे, आणि तोही पूर्वी बांबूतच शिजे. कोणी कोणाकडून घेतले याचा निकाल केवळ नावांवरून लागत नाही.

आपल्या कोकणात या कुळातले सांदण आहे: तांदळाचा रवा, बरक्या फणसाचा रस, गूळ, आणि वाफ. सोबत नारळाचे दूध. गोव्यातली सान्ना मात्र माडाच्या सुरेने फुगते. सूर दुर्मिळ झाली तशी अनेक घरांत यीस्ट शिरले. सान्ना फुगली, पण तो आंबूस वास गेला, असे जुनी माणसे म्हणतात. शेजारच्या गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे. तेथे कोणी सुरेची सान्ना करू म्हणेल, तर त्याने तांदूळ भिजत घालण्याआधी वकिलाला विचारावे.