पाणंद व कुरण

गावठाणातून निघून शेतांच्या बांधांमधून शिवारात, आणि शिवारापलीकडे गायरान-कुरणापर्यंत जाणारी बैलगाडीची जुनी कच्ची वाट म्हणजे पाणंद. देशावरील कोरड्या पट्ट्यात चाकांच्या घर्षणाने व पावसाच्या लोंढ्यांनी तिचा तळ खचत गेल्यामुळे ती बहुधा शेतांपेक्षा हात-दोन हात खाली असते. आणि तिच्या कडांना नांगराचा फाळ सहसा लागत नसल्यामुळे, शेतातून हद्दपार झालेल्या कितीतरी वनस्पतींना तेथे आश्रय मिळालेला आढळतो.

कुंपणाचा मूळ कणा शेर, निवडुंग आणि घायपात यांचा. शेराच्या दाहक चिकामुळे गुरे त्याला तोंड लावीत नाहीत, म्हणून शेतकऱ्याने तो लावला. परंतु पुढची लागवड पाखरांनी केली. बोर, करवंद आणि निंब यांची फळे खाऊन कुंपणावर विसावलेल्या बुलबुल-साळुंक्यांच्या विष्ठेतून बी खाली पडते, आणि शेळीचे तोंड पोहोचणार नाही अशा काटेरी आडोशात कोवळे रोप वाढीस लागते. त्यावर गुळवेल चढते, गुंजेच्या शेंगा उकलून सोनारांनी पिढ्यान्‌पिढ्या वजनासाठी वापरलेले तांबडे-काळे बी दिसू लागते, आणि पावसाळ्यात पानाच्या टोकालाच तणावा असणारी कळलावी पिवळ्या-तांबड्या ज्वाळांसारखी फुलते. तिचा कंद मात्र अत्यंत विषारी. अमेरिकेतून आलेल्या फड्या निवडुंगाने एके काळी विस्तीर्ण जमिनी व्यापल्या होत्या. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात सोडलेल्या कोशिनील जातीच्या किड्यांनी त्याचा जोर मोडला.

रुईच्या पानांवर भगव्या फुलपाखरांच्या अळ्या पोसतात आणि तिच्या चिकातील विष अंगी मुरवून पाखरांना नकोशा होतात. बाभळीच्या काट्यावर टोचलेला नाकतोडा दिसला, तर तो खाटीक पक्ष्याचा साठा समजावा. बांधाच्या बिळांतून मुंगूस, घोरपड व धामण वावरतात. धामण उंदीर खाते, तरी दिसताच तिला मारले जाते, ही खेदाची गोष्ट आहे.

पाणंद जेथे कुरणात उघडते तेथे मारवेल, पवन्या व कुसळी ही गवते लागतात. कुसळीच्या बीजाचे पीळदार कुसळ ओलाव्याने उलगडते व सुकताना पुन्हा वळते, आणि या हालचालीने बी स्वतःच मातीत शिरते. येथेच चंडोल गात आकाशात चढतो, तितर व लावे गवतात अंडी घालतात आणि धाविक पक्षी उघड्या माळावर धावताना दिसतो. पुणे जिल्ह्यातील सुप्याजवळचे मयूरेश्वर अभयारण्य (१९९७) सुमारे ५ चौरस किलोमीटरचेच असले, तरी अशा माळरानातील चिंकारा तेथे सुखाने चरताना पाहावयास मिळतो.

पाणंदीची वहिवाट अडविल्यास अडथळा दूर करविण्याचा अधिकार १९०६ च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाने मामलेदारास दिला आहे. त्या कायद्याने वाट राखली. कुंपणास असे संरक्षण नाही, आणि यंत्राने पाणंद रुंद केली जाते तेव्हा शेर, गुंज व घोरपडीचे बीळ एकाच दिवशी उखडले जातात.