जॉन डी आणि इंग्लंडचे दहा दिवस

इ. स. १५८३ च्या फेब्रुवारी महिन्याच्या २६ व्या तारखेस, लंडननजीक मॉर्टलेक येथें राहणाऱ्या एका पंचावन्न वर्षांच्या विद्वानानें राणी एलिझाबेथचा प्रमुख अमात्य लॉर्ड बर्ली याजकडे एक हस्तलिखित सादर केलें. कालगणनेंत शतकानुशतकें साचत आलेली चूक इंग्लंडनें कशी दुरुस्त करावी, याचें सोपपत्तिक विवेचन त्यांत होतें. त्याच वर्षीं, त्याच घरांत, हाच गृहस्थ स्फटिकासमोर बसून देवदूतांचीं भाषणें टिपून घेत होता. जॉन डी हें त्याचें नांव. पुढील पिढ्यांनीं त्याचे दोन तुकडे केले: एक गणिती, तो आदरास पात्र, दुसरा मांत्रिक, तो उपहासास. ही वांटणी सोयीची खरी. पण डीस ती मुळींच ओळखतां आली नसती.

त्याचा जन्म लंडन येथें १३ जुलै १५२७ रोजीं झाला. केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजांत शिकून तो नव्यानें स्थापन झालेल्या ट्रिनिटी कॉलेजांत ग्रीक शिकवूं लागला. तेथें अ‍ॅरिस्टोफेनीझच्या एका नाटकासाठीं त्यानें एक प्रचंड भुंगा बनविला. पाठीवर माणूस घेऊन तो भुंगा रंगमंचावरून वर उडाला, आणि प्रेक्षकांची गाळण उडाली! कप्प्यांचा आणि दोरांचाच तो खेळ असावा. परंतु जादूगारीचा जो शिक्का त्या दिवशीं बसला तो जन्मभर पुसला गेला नाहीं. पुढें लूव्हेन येथें नकाशाकार मर्केटर याचा त्यास स्नेह लाभला. १५५० मध्यें पॅरिसला त्यानें यूक्लिडवर व्याख्यानें दिलीं. त्याच्याच शब्दांवर विश्वास ठेवावयाचा तर लोक खिडक्यांशीं उभे राहून तीं ऐकत.

काळ मोजणें आणि काळाचें फळ सांगणें हीं कामें त्या युगांत एकाच शास्त्राकडे असत. आमच्या वाचकांस हें फोड करून सांगावयास नको. १५५५ सालीं राणी मेरी व तिची बहीण एलिझाबेथ यांच्या पत्रिका मांडल्यावरून डीस अटक झाली. राज्य करणाऱ्या राणीचें आयुष्य किती हें ग्रहांस विचारणें म्हणजे राजद्रोहाच्या उंबरठ्यावर पाय ठेवणेंच होय. त्या आरोपांतून तो सुटला, आणि चार वर्षांच्या आंतच त्याच विद्येचा गौरव झाला: एलिझाबेथच्या राज्याभिषेकास १५ जानेवारी १५५९ हा मुहूर्त डीनेंच काढून दिला.

मॉर्टलेकच्या घरांत त्यानें जमविलेला ग्रंथसंग्रह मात्र निर्विवाद होता. आपल्याजवळ सुमारें ४००० ग्रंथ असल्याचें तो सांगतो. केंब्रिज विद्यापीठाच्या ग्रंथालयांतही त्या काळीं इतके नव्हते. मठांच्या विध्वंसांत विखुरलेलीं हस्तलिखितें गोळा करून राष्ट्रीय ग्रंथालय स्थापावें, असा अर्ज त्यानें १५५६ मध्येंच मेरी राणीस केला होता. त्याचा उपयोग झाला नाहीं.

आतां पंचांगाकडे वळूं. ज्यूलियन वर्ष सौरवर्षाहून सुमारें ११ मिनिटांनीं मोठें. मिनिटें क्षुल्लक दिसतात, पण १२८ वर्षांत त्यांचा एक दिवस होतो. वसंतसंपात २१ मार्चचा धरलेला. तो सोळाव्या शतकांत १० वा ११ मार्चवर येऊन बसला होता, आणि ईस्टरचा सण त्याच्याशीं बांधलेला. पोप तेरावा ग्रेगरी यानें १५८२ मध्यें ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशीं १५ ऑक्टोबर मानण्याची आज्ञा केली. इंग्लंडनें काय करावें, हा प्रश्न डीपुढें आला. पोपनें निकाया येथील इ. स. ३२५ च्या धर्मपरिषदेपासून हिशेब धरला होता. डीचें म्हणणें, ख्रिस्तजन्मापासून धरावा, व दहा नव्हे, अकरा दिवस गाळावेत. परंतु शेजारच्या राष्ट्रांशीं व्यवहार जुळावा म्हणून त्यानें दहांस संमति दिली. आणि तेही एकदम न गाळतां मे महिन्यांत तीन, जूनमध्यें एक, जुलैंत तीन व ऑगस्टमध्यें तीन असे गाळावेत, म्हणजे कोणताही मोठा सण बुडणार नाहीं, अशी तोड सुचविली. आपलें गणित खरें मानूनही लोकव्यवहारापुढें नमणारा हा मनुष्य केवळ स्वप्नाळू नव्हता, एवढें यावरून दिसतें. डिग्ज, सॅव्हिल व चेंबर्स या तज्ज्ञांनीं योजना तपासून पसंत केली. राजाज्ञेचा मसुदाही झाला.

माशी शिंकली ती धर्मपीठांत. आर्चबिशप ग्रिंडल व त्याचे सहकारी यांनीं उत्तर दिलें कीं, इतर प्रॉटेस्टंट पंथांस विचारल्यावांचून असा बदल करतां येत नाहीं, आणि पोपच्या मागून जाणें तर मुळींच शोभत नाहीं. गणितांत चूक कोणीच दाखविली नाहीं. केरोपंत छत्र्यांपासून आमच्याकडे चालत आलेला पंचांगशोधनाचा वाद ज्यांनीं घरांत ऐकला असेल, त्यांस या उत्तराचा सूर ओळखीचा वाटेल. डीची जादू येथें कोणाच्या आड आली नव्हती. आड आला तो रोमचा द्वेष. पुढें १६९ वर्षें इंग्लंडचा व्यापारी यूरोपास पत्र लिहितांना दोन दोन तारखा घालीत राहिला.

इकडे १५८२ च्या मार्चमध्यें एडवर्ड केली नांवाचा एक संशयास्पद इसम डीकडे येऊन राहिला होता. स्फटिकांत त्यास दिसावें, डीनें लिहावें, असा क्रम सुरू झाला. साऱ्या ग्रंथांतून जें ज्ञान हातीं लागलें नाहीं तें आतां ईश्वराच्या दूतांकडूनच मिळवावें, अशी आपली भूमिका डीनें स्वतः लिहून ठेविली आहे. येथेंच आमच्या मतें त्याची खरी चूक आहे. गणितांत तो प्रत्येक पायरी तपासून घेई. देवदूतांच्या बाबतींत मात्र दुसऱ्याच्या डोळ्यांवर त्यानें सर्व भार टाकला. १५८३ च्या सप्टेंबरांत एका पोलिश सरदाराबरोबर तो सहकुटुंब निघाला. प्रागला बादशहा दुसरा रूडॉल्फ याची भेट झाली, पण आश्रय मिळाला नाहीं. १५८७ मध्यें केलीच्या देवदूतानें दोघांच्या संसारांविषयीं अशी एक आज्ञा केली कीं, ती येथें लिहिणें बरें दिसणार नाहीं. डीनें तीही मानली!

१५८९ च्या अखेरीस तो परतला तों ग्रंथालय लुटलें गेलेलें. पुढें मँचेस्टरच्या कॉलेजाची देखरेख मिळाली, पण तेथील लोकांशीं पटलें नाहीं. १६०४ मध्यें, जारणमारणाविरुद्ध नवा कडक कायदा होत असतां, वृद्ध डीनें जेम्स राजास विनंती केली कीं, आपली रीतसर चौकशी व्हावी. आपण भुतें वश केल्याचें सिद्ध झाल्यास आपण मरण पत्करूं. चेटकांवर स्वतः ग्रंथ लिहिलेल्या राजानें तिकडे लक्ष दिलें नाहीं. पुढच्याच वर्षीं त्याची पत्नी जेन मँचेस्टर येथें प्लेगनें वारली. तो स्वतः १६०८ च्या अखेरीस किंवा १६०९ च्या आरंभीं मॉर्टलेक येथें निवर्तला.

१७५२ मध्यें इंग्लंडनें २ सप्टेंबरच्या दुसऱ्या दिवशीं १४ सप्टेंबर मानला. अकरा दिवस गेले. पण हे अकरा डीचे नव्हेत. १७०० सालीं जुन्या गणनेनें एक दिवस जास्त धरला, त्याची ही भर. डीच्या लुटलेल्या संग्रहांतील शंभराहून अधिक ग्रंथ आज लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ फिझिशियन्समध्यें आहेत, आणि त्यांच्या समासांत त्याच्या हातच्या बारीक अक्षरांतील टिपा अद्याप वाचतां येतात.